मेल्यावर हसायची रीत

"हसणार नाही मी," शवपेटीत आडवा होत नागाए म्हणाला. "रीळ शेवटचं आहे."

चिगुसाने कॅमेऱ्यावरचा हात काढला नाही. "रीत आहे, नागाए-सान. सिनेमात मेलेल्याने शॉट झाल्यावर कॅमेऱ्याकडे बघून हसायचं. नाहीतर यमाला ते खरं वाटतं."

"यमाला म्हणावं, तिकीट काढून ये. तेवढाच एक प्रेक्षक."

स्वतः लिहायचं, स्वतःच दिग्दर्शन करायचं आणि फुकटात मरायला दुसरं कोणी तयार नसल्यामुळे मरायचंही स्वतःच, अशी नागाएची आजवरची कारकीर्द. दर सिनेमात तो मेला, आणि दर वेळी मेल्यावर त्याची पापणी फडफडली. समीक्षकांनी बाकी काही लक्षात ठेवलं नव्हतं.

"मागच्या खेपेला अख्खं बंदर हसलं," मासळीवाली त्सुने आजी म्हणाली. शोक करायला गावातून जी माणसं भाताच्या गोळ्यांवर गोळा केली होती, त्यांत ती पुढे होती. "मरता येत नाही, तर मरायचं कशाला बाबा?"

"आज बघाच, आजी." नागाएने छाती चोळली. सकाळपासून चोळतच होता.

"डॉक्टरांना दाखवून येऊ या का आधी?" चिगुसाने विचारलं.

"शॉट झाला की जाऊ. आणि कट मीच म्हणेन. मध्ये तोंड उघडेल त्याला भात नाही."

त्याने डोळे मिटले. कॅमेरा घुरघुरू लागला. देवळातल्या भिक्षूने घंटा वाजवली. गावकरी एकेक करून पुढे आले आणि पेटीत पांढरी शेवंती ठेवत गेले. कानाशी, हनुवटीशी, छातीवर. रांग संपली.

कट आलं नाही.

म्हणजे हसणार तर! चिगुसाने डोळा भिंगाला आणखी चिकटवला. म्हाताऱ्याने शेवटी ऐकलं म्हणायचं. तेवढ्यात त्याच्या ओठाचा कोपरा हलला. तिने श्वास सोडला.

ओठावरची पाकळी घसरून कॉलरवर पडली. ओठ होता तसाच होता. छातीवरची फुलंही मघापासून जागची हलली नव्हती.

रीळ संपलं. त्याचं टोक आत फटफट आपटत राहिलं. चिगुसाला बटण सापडेना.

त्सुने आजी पेटीवर वाकली, निरखून पाहिलं आणि शेजारणीच्या कानात कौतुकाने कुजबुजली,

"बघ, पापणीसुद्धा हलली नाही. शिकला एकदाचा!"