सोनीचं कोणतं?

"यामा आपली सोनीनं कोनतं शे?" सरलाबाईंनी विचारलं.

सोनालीच्या हातातली फाईल खाली घसरली. तिने ती उचलली नाही.

टेबलावरच्या कॉम्प्युटरवर एक फोटो होता. दुधी काचेसारखा एक मोठा गोल आणि त्याच्या आत शेजारी शेजारी दोन छोटे गोल. लॅबमधल्या हर्षदाने तो सकाळी आठ वाजता सूक्ष्मदर्शकाखाली घेतला होता. लॅबमध्ये बाहेरच्या माणसाला जाता येत नाही, पण सरलाबाई हटूनच बसल्या होत्या, "माले देखाडच, माय." एवढ्या म्हाताऱ्या बाईला नाही म्हणणं हर्षदाला जमलं नाही, म्हणून तिने फोटो बाहेरच्या कॉम्प्युटरवर लावला. ती उधन्याची मुलगी, त्या गुजराती दवाखान्यात मराठी बोलणारी. तिने नेहमीच्या सवयीने समजावूनही सांगितलं, "आजी, ही दोन केंद्रकं. एक आईकडून आलेलं, एक वडिलांकडून. अजून पाच-सहा तासांत ती अगदी जवळ येतील, मग त्यांच्या भिंती विरघळतील. आतलं सगळं एकमेकांत मिसळेल. तिथून बाळाची सुरुवात."

बोलून झाल्यावर तिच्या लक्षात आलं, आणि तिने सोनालीकडे बघायचं टाळलं.

लग्नाला नऊ वर्षं झाली होती. दोन वेळा उपचार फसले होते. तिसऱ्या वेळी डॉक्टरबाईंनी सांगितलं, सोनालीची बीजं संपत आली आहेत, आता दुसऱ्या कुणा बाईचं बीज घेतलं तरच काही होईल. ती बाई कोण, हे कुणाला कळणार नव्हतं. नवऱ्याने, ललितने, आणि तिने सह्या केल्या आणि गोष्ट दोघांतच ठेवली. डिंडोलीच्या दोन खोल्यांच्या घरात सासूपासून काही लपवणं सोपं नव्हतं. आणि सरलाबाईंना तर माणसाचं माणसाशी साम्य शोधायचा नाद. कुणाचं बाळ बघितलं की चाल कुणाची, हनुवटी कुणाची, त्यांचं सुरू. ललित मान तिरकी करून ऐकायचा, चहा बशीत ओतून तीनदा फुंकर मारायचा, चिडला की कपडे घड्या करत बसायचा. सगळं हुबेहूब आईसारखं. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, पोऱ्या मायवरच गेला. त्या वेळी सरलाबाईंचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा.

आज ललितला पलसाण्याच्या डाइंग मिलमधून सुट्टी मिळाली नव्हती, म्हणून सासूबाई सोबत आल्या होत्या.

"आजी, नुसतं बघून नाही सांगता येत," हर्षदा घाईने म्हणाली. "दोन्ही सारखीच दिसतात."

झालं, सुटका झाली होती. सोनालीने श्वास सोडला.

पण सरलाबाई पुढे झुकल्या. पदराने चष्मा पुसला आणि डावीकडच्या गोलावर, काचेला लागू नये इतक्या हलक्या हाताने, बोट धरलं. "हाई सोनीनं. देख ना, कसं गुपचूप बठेल शे." मग त्यांनी स्वतःच्या कानशिलावर कडाकडा बोटं मोडून दृष्ट काढली. "माले सोनीसारखीच पोर पाहिजे."

नऊ वर्षांत तिच्यासारखं कुणी हवं, असं कोणी म्हणालं नव्हतं. सोनालीला ते सोसवेना.

"आई, त्यात माझं काही नाही," ती म्हणाली. "एक ह्यांचं आहे. दुसरं... दुसऱ्या बाईचं आहे. माझं नाहीच चाललं."

सरलाबाईंचे हात कानशिलाशीच राहिले. मग त्यांनी हात खाली घेतले, गुडघ्यावर जोर देऊन त्या उठल्या आणि बाहेर गेल्या.

सोनालीने फाईल उचलली. हर्षदाने तिच्या पाठीवर हात ठेवला, पण तिला काही जाणवलं नाही. आता घरी काय होईल, गल्लीत काय होईल, ललितला कसं सांगायचं, असं सगळं डोक्यात गर्दी करून आलं होतं. जिना उतरताना तिला पायऱ्या नीट दिसत नव्हत्या.

खाली दवाखान्याच्या ओट्यावर सरलाबाई बसल्या होत्या. समोरून शटल रिक्षा ओरडत जात होत्या, "उधना, पांडेसरा!" त्यांनी एकीलाही हात केला नव्हता. सोनाली जवळ येताच त्या थोड्या सरकल्या. सोनाली बसली.

"लल्याले ठाऊक शे?"

"हो."

"आखो कोनले?"

"कोणालाच नाही."

सरलाबाईंनी मान हलवली. पदराने पुन्हा चष्मा पुसला. शेवटी सोनालीलाच राहवलं नाही. सासूने ओरडावं, रडावं, काहीही करावं, पण असं गप्प बसू नये. आणि तिच्या तोंडून भलतंच निघालं. सह्या केल्या त्या दिवसापासून ललितलाही न विचारलेलं.

"आई, ते माझं होईल का हो? उद्या मांडीवर घेतलं आणि मला परकंच वाटलं तर?"

सरलाबाईंनी तिचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. आजूबाजूला कुणी नाही ना, ते बघितलं. मग कितीतरी वर्षांत न उच्चारलेली गोष्ट उच्चारावी तशा, अडखळत, त्या म्हणाल्या,

"मी लगीन करीसन या घरमा उनू ना सोनी, तवय लल्या अकरा महिनाना व्हता."