हयात असल्याबद्दल

"मुख्तारनामा देने वाले आज जीवित हैं?" रजिस्ट्री कार्यालयातल्या बाबूने मान वर न करता विचारलं.

"हाँ," क्षितिजा म्हणाली.

"एक बार घर पर पूछ लो, मैडम. फिर कैमरे में देखकर बोलना है. बाद में लोग फँसते हैं."

अशोका गार्डनमधल्या घराचं विक्रीखत समोर होतं. सही क्षितिजाच्या नावाची होणार होती, पण बाबांच्या वतीने. वकिलांनी बजावलं होतं: बाबांचा श्वास आहे तोवरच ती त्यांची मुखत्यार. ते गेले की मुखत्यारपत्र रद्दी. आणि कळल्यावरही सही केली, तर गुन्हा. हे घर विकून आईसाठी छोटा फ्लॅट घ्यायचा, हे बाबांनीच ठरवलं होतं. आज नाही झालं आणि बाबा गेले, तर घर वारसांत जाणार. बाबांच्या पहिल्या बायकोचा मुलगा परीक्षित मग ते विकूही देणार नव्हता आणि आईला तिथे राहूही देणार नव्हता. त्याने तसं आईला तोंडावर सांगितलं होतं.

तिने घरी फोन लावला.

"सुधाकरकाका, बाबा कसे आहेत?"

"झाली का सही?"

"व्हायचीय. बाबा?"

"तू उरकून ये. गाडी सावकाश चालव."

आजी गेली तेव्हा काकांनी हॉस्टेलवर फोन केला होता. तेव्हाही 'सावकाश ये' एवढंच म्हणाले होते.

क्षितिजाने फोन कानावर दाबला. महिनाभर घरच्या प्रत्येक फोनमागे ऑक्सिजनच्या मशीनची घरघर असायची. आत्ता नव्हती. मशीन बंद असण्याची दोन कारणं शक्य होती. तिने त्यातलं एकच विचारलं.

"काका, लाइट गेलेत का?"



"हो गं," काका म्हणाले. "आत्ताच गेले."

मागे दारावरची बेल वाजली. विजेवरची, चिमणीच्या आवाजाची. कुणीतरी हळू आवाजात 'या' म्हणालं. बेल पुन्हा वाजली.

तिने फोन बंद केला.

"क्या बोले?" बाबूने विचारलं.

"लाइट गई है."

"और पिताजी?"

घर घेणारं जोडपं बाकावरून उठून उभं राहिलं होतं. क्षितिजाने कॅमेऱ्याच्या लाल ठिपक्याकडे पाहिलं.

"हैं," ती म्हणाली. "मेरे पिताजी जीवित हैं."

तिने सही केली आणि अंगठा ठसे घेणाऱ्या मशीनच्या काचेवर टेकवला. मशीन गप्प. तिने तो जोरात दाबला, उचलला, पुन्हा दाबला. काही नाही. बाबूने वैतागून तिचं मनगट धरलं आणि लगेच सोडलं.

"हाथ रगड़िए, मैडम. इतना ठंडा अँगूठा मशीन ज़िंदा नहीं मानती."