सोव्हरीच्या चर्चचं वय

प्रयोगशाळेतल्या माणसाचं फोनवरचं बोलणं संपायच्या आतच क्लोतिल्द खुर्चीवर टेकली. लाकडाच्या तपासणीत सोव्हरीच्या चर्चची मूळ तुळई बाराव्या शतकातली निघाली होती. चर्चचं वय हेच, असं ती पहिल्यापासून म्हणत आली होती. म्हणजे रेमों आयुष्यभर चुकला होता.

आनंद व्हायला हवा होता. झाला नाही.

दोघं एकाच गुरूंचे विद्यार्थी. फ्रान्सच्या बर्गंडी प्रांतातली जुनी चर्चं दोघांनी मिळून पालथी घातलेली. सोव्हरीवरून मात्र बिनसलं. हे चर्च दहाव्या शतकातलं, असं रेमों भर सभेत ठासून सांगायचा आणि तिचं म्हणणं हसण्यावारी न्यायचा. त्या हशातच तिची दिजों विद्यापीठातली प्राध्यापकी हुकली. ती जागा त्याला मिळाली.

आता तो शेवटच्या आजारात होता. तिनं कोट चढवला.

दार त्याच्या मुलीनं, अगातनं उघडलं. "या मादाम. आज जरा हुशारी आहे त्यांना."

वरच्या खोलीत अंथरुणात रेमोंचा नुसता सापळा उरला होता. जिभेची धार मात्र तीच.

"जिंकलीस वाटतं! मग तोंड का असं, एरंडेल प्यायल्यासारखं?"

वाटभर घोळवलेलं वाक्य तिच्या ओठांवर होतं. तिनं त्याच्या काटकुळ्या मनगटाकडे पाहिलं आणि ते गिळलं.

"हरले. तुळई दहाव्या शतकातली निघाली. तूच बरोबर होतास."

त्यानं डोळे मिटले. मग म्हणाला, "परत सांग."

"आता काय गाऊन दाखवू? तू बरोबर, मी चूक. झालं समाधान?"

तो खोकला येईपर्यंत हसला. तिनं त्याला घोटभर पाणी पाजलं.

"हे छापून आणणार?" त्यानं विचारलं.

याचा तिनं विचारच केला नव्हता. "आणीन," ती कशीबशी म्हणाली.

"नको. मी ऐकलं, तेवढं पुरे. आत्ता बोललीस त्यातलं एक अक्षरही लिहायचं नाहीस तू. शब्द दे."

तिनं शब्द दिला. त्यानं बराच वेळ तिचा हात सोडला नाही.

निघताना जिन्याचा कठडा धरून ती पायरी-पायरीनं उतरली. खाली अगात तिचा कोट घेऊन उभी होती. अगातचे डोळे लाल झाले होते.

"मादाम, काल प्रयोगशाळेतून बाबांनाही फोन आला होता. ऐकून हसले आणि मला म्हणाले, 'आता क्लोतिल्द येईल आणि माझ्याशी खोटं बोलेल. तू मध्ये तोंड घालू नकोस.'"