हाताची आई

शलाका निवृत्त झाली तेव्हा टेनिस संघटनेने तिचा यांत्रिक उजवा हात काढून घेतला आणि नवोदित तन्वीला बसवला. कारकिर्दीतल्या सगळ्या बिनतोड सर्व्हिस हाताच्याच नावावर राहिल्या. नियमच तसा होता.

आज शलाका आईबरोबर तन्वीचा सामना बघायला आली होती. सर्व्हिसआधी त्या हाताने सवयीने रॅकेट आईच्या दिशेने उंचावली. आईने हात जोडले. पुढची सर्व्हिस बिनतोड गेली.

"बघितलंस? त्यानं ओळखलं मला!"

"आई, ती माझी सवय आहे."

"असेल. पण तुझ्याकडे होता तेव्हा बिचारा एवढा खुलला नव्हता."

पुन्हा बिनतोड. सगळं स्टेडियम उठलं. आईने शलाकाची रिकामी बाही ओढली.

"टाळ्या तरी वाजव गं. एवढा कसला हेवा!"