सुधारित आवृत्ती

सासऱ्यांच्या उष्मागतिकीच्या पाठ्यपुस्तकाची सुधारित आवृत्ती निघणार होती. पुस्तकाच्या मागच्या कव्हरवरचा मजकूर बदलून द्यायचं काम प्रकाशकांनी सुनेच्या गळ्यात मारलं. "नावं तेवढी तशीच ठेवा, बाकी सगळं नवं वाटलं पाहिजे," एवढंच त्यांचं म्हणणं.

सुनेला त्या विषयातलं ओ की ठो कळत नव्हतं. तिने सरळ शब्दकोश उघडला. 'मूलभूत नियम' होते तिथे 'पायाभूत तत्त्वं' आली, 'सोप्या भाषेत'चं 'सुलभ शैलीत' झालं. शास्त्रज्ञांच्या आणि सासऱ्यांच्या नावाला मात्र तिने हात लावला नाही.

प्रकाशक मजकूर न्यायला आले आणि बाहेरच्या खोलीत चहा घेत बसले. आत सासरे चष्मा पुसून कागद वाचायला लागले. कॉपी करणाऱ्या मुलांची या माणसाने जन्मभर खरडपट्टी काढलेली.

"झकास जमलंय की. अगदी नवं वाटतंय," सासरे म्हणाले.

आता मात्र तिला राहवेना. "बाबा, खरं सांगू? यात नवं काहीच नाही. जुनंच आहे सगळं, मी नुसते शब्द फिरवलेत."

सासरे उठले, बाहेरच्या खोलीकडे एकदा डोकावून आले आणि त्यांनी दार हलकेच लोटून घेतलं.

 

"हळू बोल जरा. आतली सहाशे पानं मीही अशीच सुधारली आहेत."