पेठेतले तीन शब्द

"मोबाईल इथे मध्येच ठेवते, चाचा. आवाज नीट येईल," अक्षया म्हणाली.

मुस्तफाचाचांनी हातानेच 'ठेव' अशी खूण केली. शब्द गोळा करणाऱ्या माणसांचा त्यांना आता वीट आला होता. मालवण बंदरातला जुना व्यापार आठवणारा हा एकच माणूस उरलाय, असं कुणीतरी कुठेतरी लिहून ठेवलं आणि तेव्हापासून मंडळी पत्ता विचारत येऊ लागली. यायची, कोकम सरबत प्यायची, म्हाताऱ्याला घसा कोरडा होईपर्यंत बोलायला लावायची आणि जायची. त्यातल्या एकाचं पुस्तकही निघालं. चाचांनी ते दुकानात उभ्या उभ्या चाळलं. त्यात त्यांचं नावसुद्धा नव्हतं.

तेव्हाच त्यांनी ठरवलं होतं. यापुढे जो कोणी येईल त्याला सगळं उलटंसुलटं सांगायचं. छापा म्हणावं आता हे.

नवल एवढंच, की या बाईंना घेऊन आला होता खुद्द मुझफ्फर, चाचांचा मुलगा. बापलेकांत दोन वर्षं धड बोलणं नव्हतं. कारण बंदरावरची वखार. मुझफ्फरला ती एका हॉटेलवाल्याला विकायची होती. वखार चाचांच्या नावावर, आणि चाचा सही करत नव्हते. आता तिथे ना माल होता ना हमाल. पण रोज सकाळी जाऊन कुलूप काढायचं आणि दारात खुर्ची टाकून येणाऱ्याजाणाऱ्याशी बोलत बसायचं, एवढंच त्यांचं आयुष्य उरलं होतं. तेही गेलं तर घरात पडून मरायचं, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

काल मुझफ्फर बऱ्याच दिवसांनी मवाळ आवाजात म्हणाला होता, "अब्बा, मुंबयसून एक बाई येतली. जुने शब्द विचारतली. जरा बोला तिच्यावांगडा."

पोराला अक्कल येतेय, असं चाचांना वाटलं. बरंही वाटलं.

"तीन शब्द सांगते, चाचा," अक्षया म्हणाली. "सराफ, दुभाष, सावकार. तिन्ही आपल्या पेठेतून इंग्रजीत गेलेले. लक्षात ठेवा हं, शेवटी परत विचारेन."

"विचार."

"आज वार कुठला? रेकॉर्डिंगमध्ये असलेला बरा."

"शुक्रवार."

खिडकीतून सोमवारच्या बाजाराची गडबड ऐकू येत होती. स्वयंपाकघराच्या दारात उभ्या असलेल्या जुलेखाने चमकून नवऱ्याकडे पाहिलं. अक्षयाची नजर मोबाईलवर होती. तेवढ्यात चाचांनी बायकोला डोळा मारला.

"सराफ म्हणजे कोण हो?"

"गलबताचे दोर वळणारो."

खरं तर नाणं हातात घेऊन ते खरं की खोटं सांगणारा, साहेबाच्या पेढीवरचा भरवशाचा माणूस. इंग्रजांनी त्याचा 'श्रॉफ' केला. चाचांनी हे झोपेतही सांगितलं असतं.

"आणि दुभाष?"

"दोन बायलांचो घोव."

'दोन बायकांचा नवरा' ऐकूनही अक्षया हसली नाही. दुभाष तर चाचांचे आजोबाच होते. जहाज लागलं की कप्तानाचं बोलणं व्यापाऱ्याला आणि व्यापाऱ्याचं कप्तानाला समजावून सौदा जुळवून द्यायचे. आजोबांची अशी थट्टा करताना चाचांना जरा जड गेलं, पण ते मागे हटले नाहीत.

"सावकार?"

"तो सुको बांगडो इकता."

बाईने एकदाही 'नक्की का?' असं विचारलं नाही. आधी आलेले निदान वाद तरी घालायचे. हिला यातलं ओ की ठो कळत नाही, अशी चाचांची खात्री पटली. तिची दयाही आली. पण थट्टा रंगात आली होती, आणि फार दिवसांनी आली होती.

"जुने व्यापारी तोंडी हिशेब करायचे ना? समजा, शंभर नारळ आहेत. एकेका गिऱ्हाइकाला सात सात द्यायचे. उरलेले सांगत चला."

"त्र्याण्णव," चाचा म्हणाले. शहाऐंशी ओठांवर आलं होतं, ते त्यांनी गिळलं. "मगे ऐंशी. मगे... पोरां चोरून नेतत गो, काय सांगू तुका."

इतका वेळ कोपऱ्यात बसलेला मुझफ्फर एकदम उठून बाहेर ओटीवर गेला. हसू आवरत नसेल, चाचांना वाटलं. लहानपणी तो असाच पळायचा.

"शेवटचं विचारते. मघाचे तीन शब्द कुठले?"

चाचांनी कपाळाला आठ्या घातल्या, छपराकडे बघितलं. "खंयचे शब्द?"

"आठवून बघा, चाचा. घाई नाही."

"नाय गो बाय. एक पण आठवणा नाय."

अक्षयाने मोबाईल बंद केला. उठताना तिने चाचांचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि म्हणाली, "जपा स्वतःला." आजवर आलेल्यांपैकी कुणी असा हात धरला नव्हता. चाचा ओशाळले.

ती उंबरठा ओलांडून गेल्यावर जुलेखा पुढे आली. "त्या पोरीक कित्याक फसवल्यात? लांबसून इली बिचारी."

"असूदे गो. माका आता दुसरी करमणूक काय आसा?" चाचा म्हणाले. दमले होते, पण कितीतरी दिवसांनी त्यांना भूक लागली होती. "जेवान वाढ. जेवून वखारीत जातंय."

बाहेर रस्त्यावर मुझफ्फर अक्षयासाठी गाडीचं दार धरून उभा होता. त्याचे डोळे लाल झाले होते.

"एवढं बिघडलं असेल असं वाटलं नव्हतं, डॉक्टर," तो म्हणाला. "आता तुमचा दाखला जोडून वखारीच्या कागदांवर त्यांच्याऐवजी मी सही केली तर कोर्टात चालेल ना?"