तीन साइन थीटा

सर वर्षभराच्या रजेवर गेले, म्हणून त्यांचा गणिताचा वर्ग तात्पुरता माझ्या गळ्यात पडला.

"वर्गमुळाखाली नऊ वजा एक्सचा वर्ग दिसला, की एक्सच्या जागी तीन साइन थीटा ठेवायचं," मी घसा कोरडा पडेपर्यंत सांगायचे. "वर्गमूळ जातं, गणित सुटतं. मग थीटा काढून एक्स परत आणायचा. उत्तरात थीटा राहिला, तर मार्क गेले."

पहिल्या बाकावरची हुशार मुलगी नेमकी तिथेच गडबडायची. सगळं बरोबर सोडवून उत्तरात थीटा तसाच ठेवायची.

"मॅडम, एवढं सगळं त्याच्यामुळे सुटलं, मग त्यालाच कसं काढायचं?"

"परीक्षेत असला लळा चालत नाही, बाई," मी म्हणायचे.

निकाल लागला, ती पहिली आली. सत्काराच्या आदल्याच दिवशी सर रजेवरून परत हजर झाले होते. तिने माइक हातात घेऊन आईबाबांचे, प्राचार्यांचे आणि गणिताच्या सरांचे मनापासून आभार मानले. मी मागच्या रांगेत टाळ्या वाजवत होते.



या वेळी मात्र तिने थीटा आठवणीने काढला होता.